तिसरा वर्ग

आस्यानं फाइनाच्या हाताचा कडकडून चावा घेतला. फाइना तिच्या ताटलीतला करपलेला पाव उचलून दुसरा द्यायला गेली होती, एवढंच. प्रोखोरनं चमचा खाली ठेवला, बायकोच्या हाताकडे पाहिलं, मग त्या सहा वर्षांच्या पोरीकडे.

"तिसरा वर्ग," तो म्हणाला.

आमच्या वस्तीत याचा अर्थ कुणाला सांगावा लागत नसे. ओब नदीजवळच्या त्या बर्चच्या रानात सगळ्यांचीच पोटं रुपेरी कोल्ह्यांच्या फार्मवर चालायची. माणसाळलेले कोल्हे तयार करायचं काम. तारेच्या पिंजऱ्यात हात घालायचा आणि बघायचं. चावेल किंवा दडून बसेल तो तिसरा वर्ग, त्याची रवानगी कातड्यांच्या कारखान्यात. मुकाट्यानं हात लावू देईल तो दुसरा. शेपूट हलवत आपणहून येईल तो पहिला, आणि पुढची पिल्लं फक्त त्याची. आता निम्मे पिंजरे रिकामे आहेत, दारं वाऱ्यावर आपटतात. पण तेव्हा संध्याकाळी बादल्या वाजल्या की सगळं रान कोल्ह्यांच्या ओरडण्यानं दणाणायचं, बायका गाणी म्हणत रांगांमधून फिरायच्या आणि आम्ही वस्तीतल्या माणसांनाही वर्ग वाटायचो. प्रोखोरची सासू तिसऱ्यात होती. दुकानातली वाल्या पहिल्यात होती, मापात मारताना सापडली आणि घसरली. कसलं हसायचो आम्ही! ते दिवस आठवले की अजून जीव हळहळतो.

पिंजऱ्यात हात घालणाऱ्यांत फाइना सगळ्यांत मुरलेली. तिथला नियम कडक होता. पारख होईपर्यंत पिल्लाला कुरवाळायचं नाही, मांडीवर घ्यायचं नाही, लाडानं हाका मारायच्या नाहीत. लाड केले तर कुठलंही पिल्लू जवळ येईल. मग तो गुण रक्तातला की सवयीचा, हे कळायचं कसं?

मूलबाळ नव्हतं म्हणून दोघांनी अनाथाश्रमातून आस्याला आणलं होतं. बाप तुरुंगात, आई दारूपायी गेलेली. महिनाभर ठेवून बघा, जमलं तर तुमची, असं तिथल्या बाई म्हणाल्या होत्या. पोरगी दारात उभी राहिली तेव्हाच तिला उचलून घ्यावं म्हणून फाइनाचे हात शिवशिवले. पण प्रोखोर म्हणाला, खाण तशी माती. आधी माती कसली आहे ते तरी कळू दे, आत्ताच लाडावून ठेवलीस तर काय कळणार? नवल म्हणजे फाइनाला ते पटलं. जन्मभराची सवय होती ती. तिनं आस्याला न्हाऊ-माखू घातलं, लोकरीचे बूट आणले, कोबीचे गरम कानवले करून घातले. जवळ मात्र घेतलं नाही. रोज लांबून हात पुढे करायची आणि पोरगी आपणहून येते का ते बघायची. पोरगी भिंतीला पाठ लावून उभी राहायची.

चाव्यानंतर फार बोलणं झालंच नाही. दुसऱ्या दिवशी दुपारच्या बसनं फाइनानं तिला परत पोचवायचं ठरलं. कपडे घडी करून आस्यानं स्वतःच गाठोडं बांधलं.

बस फार्मच्या फाटकासमोर थांबायची. अजून अवकाश होता, म्हणून फाइना तिला घेऊन आत गेली. आपल्या रांगेतलं पाणी तेवढं बघून येऊ, असं तिनं मनाशी म्हटलं. खरं तर तिला बसथांब्यावर त्या पोरीच्या शेजारी बसवत नव्हतं. चालता चालता आस्यानं विचारलं, हे चावले तर काय करता? चावणाऱ्याला इथे ठेवत नाहीत, फाइना बोलून गेली. मग तिला आपलेच शब्द ऐकू आले आणि ती भराभर पाण्याच्या नळाकडे गेली.

परतली तेव्हा आस्या एका तरण्या कोल्हीच्या पिंजऱ्यापाशी उभी होती, दोन्ही हात कोटाच्या खिशात खुपसून. कोल्ही चांगल्या घराण्यातली, पहिल्या वर्गात जाणार म्हणून सगळ्यांनी गृहीत धरलेली. ती मागच्या कोपऱ्यात अंग चोरून थरथरत होती. आस्याच्या उजव्या खिशावर ओला लाल डाग पसरत चालला होता.

"चावली तुला?"

"नाही."

"हात दाखव."

आस्यानं मान हलवली. डोळे भरले होते, पण ती रडत नव्हती. "मला काही नाही झालं, काकू. ती वाईट नाहीये. घाबरलीय नुसती. मीच एकदम हात घातला. तिला नका ना पाठवू."

महिनाभर आपण घरात काय करत होतो, हे फाइनाला लख्ख कळलं आणि तिला स्वतःची लाज वाटली.

तेवढ्यात पलीकडच्या रांगेतून इराइदा पाव्लोव्हना आली. ती या भागाची प्रमुख. तिचं लक्ष आधी डागाकडे गेलं, मग पिंजऱ्यांकडे. बाहेर बसचा हॉर्न वाजला. इराइदानं कोटाच्या खिशातून खडू काढला आणि कोणत्या पिंजऱ्यावर तिसऱ्या वर्गाची खूण करू, असं विचारलं.

फाइनानं खाली बसून आस्याचा हात खिशातून बाहेर काढला. दातांच्या खुणा स्पष्ट दिसत होत्या. तिनं तो हात आपल्या दोन्ही हातांत झाकून छातीशी धरला.

"कुठल्याच नाही, इराइदा पाव्लोव्हना," ती म्हणाली. "माझी लेक तारेवर पडली."