पुढची तारीख

“जमिनीचा निकाल लागेपर्यंत बलदाऊच्या अंगाले हात लावायचा नाही. घे माझी शपथ!”

विनोदिनीबाईंनी सुशीलला हे बापाच्या प्रेतापाशी बजावलं होतं. अभनपूरजवळचं शेत सरकारनं यशवंतरावांना पट्ट्यानं दिलेलं. शेजारचा बलदाऊ म्हणे, पट्टा माझाच. ऐन धानाच्या रोवणीत त्यानं यशवंतरावांच्या मानेवर कुऱ्हाडीचे घाव घातले. बांधीतला चिखल लाल झाला. जमानतीवर सुटून आता तो अभनपूरच्या बाजारात मिशीला पीळ देत फिरत होता.

सुशीलनं आईचा हात डोक्यावर घेतला. “हव, आई. पण निकाल लागला, का त्याच दिवशी त्याले कापतो. हा माझा शब्द.”

तहसील, कलेक्टर, मग हायकोर्ट. अशा केसेस माणसाच्या जन्मात संपत नाहीत, हे विनोदिनीबाई जाणून होत्या.

त्या रोज उपाशीपोटी पुरानी बस्तीतल्या देवीला जात.

“काकू, देवी से रोज क्या मांगती हो?” शेजारच्या अपर्णानं एकदा विचारलं.

“पुढची तारीख, बाई.”

अपर्णा हसली. “सब तो फैसला मांगते हैं!”

आज दुपारी वकीलसाहेब पेढे घेऊनच दारात आले. “बधाई हो, काकीजी! हायकोर्टानं पट्टा तुमचाच ठरवला!”




सुशीलनं पेढा आईला भरवला, वाकून तिच्या पाया पडला आणि अभनपूरच्या वाटेला लागला.