झऱ्यावरची नावं

गावाच्या झऱ्यातून पाणी नाही, निळं ओज झिरपायचं. त्याचा थेंब जिभेवर पडल्याशिवाय कुणाचंच बाळ पहिला श्वास घेत नसे. राजधानीचे दिवेही ओजावरच चालत, आणि बाकीचे झरे त्यांनी केव्हाच आटवले होते.

ओज राजधानीला न्यायला अधिकारी कडूसकर माणसं आणि नळ घेऊन आले, तेव्हा अनुसया सुईण झऱ्याच्या तोंडावर बसली होती. गावात बाळंत होत असलेल्या रखमाच्या बाळासाठी तिने शिंपल्यातून थेंब रखमाच्या जावेच्या हाती नुकताच धाडला होता.

"बाई, उठा. राजधानी अंधारात बुडेल."

"बुडू दे. अंधारात माणूस जगतं."

"थेंब नेताना पाहिलं मी. आजच्या बाळासाठी घेतलात ना?"

"उद्याच्या बाळाला काय देऊ?"

"अटक होईल. नाव सांगा."

"अनुसया लिंगू धनवटे. नीट लिहा."

मग गावातल्या बाया एकेक करून तिच्याशेजारी बसल्या आणि न विचारता आपापली नावं सांगू लागल्या. कडूसकर सतरावं नाव लिहीत असताना रखमाच्या घरातून बाळाचं रडणं ऐकू आलं.

"तेही लिहा," अनुसया म्हणाली. "नाव बारशाला कळवते."

कडूसकरांनी वही मिटली आणि माणसांना नळ परत गाडीत चढवायला सांगितलं.