गळ क्लबची पंधरा वर्षं

"हे वाक्य मी वाचणार न्हाई," असं म्हणत हरिचंद गुरुजींनी वही मिटली.

क्लबचे अध्यक्ष कोंडीबा चष्म्यावरून पाहत राहिले. "काहून?"

"'पंधरा वर्षांत एकही सदस्य रिकाम्या हातानं घरी गेला नाही.' लिहितानाच हात अडखळला माझा."

"मग, गेला का कुणी रिकाम्या हातानं?"

तसं गेलं नव्हतं कुणी.

दुसऱ्या दिवशी हिंगोलीच्या गळ क्लबचा वर्धापनदिन होता. क्लबचा इतिहास वाचून दाखवायचं काम गुरुजींकडे आलं होतं. इतिहास तसा सोपा होता. शाळेत शिकवणारे गुरुजी आणि पोस्टातले कोंडीबा एका रविवारी सहज सिद्धेश्वर धरणावर गळ टाकून बसले. पुढच्या रविवारी पाच जण झाले, वर्षभरात अकरा. मग क्लबला नाव दिलं, शहरात एक खोली भाड्यानं घेतली, भिंतीवर गळाच्या काठ्या टांगल्या. नियम एकच केला : पाण्याजवळ बसून घरचं रडगाणं कुणी गायचं नाही.

इतिहासात न लिहिलेली गोष्टही एकच होती. त्या पहिल्या रविवारी दिवस कलला तरी गळाला काही लागलं नव्हतं, आणि दोघंही घरी मोठ्या तोऱ्यात "मासा घेऊनच येतो" असं सांगून निघाले होते. त्यांचे पडलेले चेहरे पाहून धरणावर जाळं टाकणाऱ्या जळबानं आपल्या टोपलीतले मासे त्यांना दिले. ते पुढं तसंच चालू राहिलं.

जळबा मोठा समजूतदार माणूस. कुणालाच काही विचारायचा नाही. गुरुजींना कमी काट्याची मरळ, कोंडीबांना मोठा रोहू, ज्याला जे लागतं ते बराबर ओल्या गोणपाटात बांधून तयार असायचं.

"चेहरा वाचतो हा गडी," कोंडीबा म्हणायचे.

वर्धापनदिनाला अकराही घरं झाडून आली. पोरं काठ्या उतरवून खेळत होती. बायका नव्या साड्यांत पुढच्या रांगेत बसल्या होत्या. तेवढ्यात जेवणासाठी सांगितलेले मासे घेऊन खुद्द जळबाच दारात उभा राहिला. कोंडीबा गुरुजींच्या कानाशी लागले.

"गुरुजी, हा एक शब्द बोलला तरी संपलं आपलं."

गुरुजी वाचायला उभे राहिले. कोंडीबांच्या गळाला त्यांचीच चप्पल कशी लागली ते त्यांनी वाचलं. औंढ्याच्या अलीकडं जीप बंद पडली आणि अकरा जणांनी भजनं म्हणत ती गावापर्यंत कशी ढकलली, तेही वाचलं. लोक पोट धरून हसत होते.

मग ते वाक्य आलं.

गुरुजींनी समोर पाहिलं. पुढंच त्यांची बायको निर्मलाबाई बसली होती. दर रविवारी ती मासा हातात घेऊन म्हणायची, "किती ताजा धरलात हो!" आणि दर रविवारी गुरुजी हात धुवायच्या निमित्तानं मोरीकडं सटकायचे.

त्यांनी वही खाली ठेवली.

"खरं सांगतो. रिकाम्या हातानं कुणी आलं न्हाई, पण ते मासे आमी धरलेले नव्हते. या जळबाचे होते. पंधरा वर्षं आमी तुमाला फसवलं."

कोंडीबा मान खाली घालून बसले. निर्मलाबाईंनी पदर तोंडाला लावला आणि त्यांचे खांदे हलू लागले. गुरुजी घाईनं पुढं झाले.

"निर्मला, रडू नको."

निर्मलाबाईंनी पदर काढला. हसून हसून त्यांच्या डोळ्यांत पाणी आलं होतं. शेजारी कोंडीबांच्या रुक्माबाई तर टाळ्याच पिटत होत्या. मग सगळी रांगच हसायला लागली.

"म्हंजे तुमाला माहीत होतं?" कोंडीबांनी विचारलं.

"व्हय तर!" रुक्माबाई म्हणाल्या. "पण बिचारे इतक्या खुशीत यायचे, कोण बोलून दाखवणार?"

कोंडीबांनी घाम पुसला आणि तेही हसू लागले. गुरुजींना पंधरा वर्षांचं ओझं उतरल्यासारखं झालं.

एकटा जळबा तेवढा गोंधळला होता. गर्दीतून वाट काढत तो रुक्माबाईंजवळ आला आणि काळजीनं म्हणाला, "पण वैनी, आता कुणाला कोणता मासा बांधायचा हे सायबांनाच विचारू, का पहिल्यासारखी दर शनिवारी तुमीच फोनवर अकरा जणींची यादी सांगणार?"