शेवटून उघडलेलं पुस्तक

१९७३ साली, गव्हर्नर प्रुइट राष्ट्राध्यक्षपदासाठी लढून हरले त्या प्रचारावरचं पुस्तक बाजारात आलं. निवडणुकीच्या धंद्यातली माणसं असं पुस्तक पहिल्या पानापासून वाचत नाहीत. मागच्या सूचीत आपलं नाव शोधतात आणि तेवढीच पानं वाचतात. आम्हीही बॉस्टनच्या कचेरीत तेच केलं. आमची आतली भांडणं जशीच्या तशी छापली होती, म्हणजे आमच्यातलंच कुणीतरी लेखकाकडे फुटलं होतं. त्यात सगळे मूर्ख दिसत होतो. शहाणी दिसत होती ती दौरे आखणारी मार्गो केसलर.

"लेखकाला जेवायला कुठे नेलं होतंस गं, मार्गो?" गव्हर्नरांनी विचारलं.

"मी शहाणी दिसते म्हणून मीच फुटले का, गव्हर्नर?"

"मग काय मी फुटलो?"

आम्ही सगळे हसलो. मार्गोने त्याच दुपारी टेबल आवरून नोकरी सोडली.

तिला पुन्हा कुठल्याच प्रचारात कुणी घेतलं नाही. व्हरमाँटला मेपलचा पाक विकायची, तिथेच वारली. गव्हर्नर राजदूत झाले आणि नव्वदीत, मानाने गेले. त्यांची भाषणं टाइप करणारी मी तेवढी उरले. परवा ते पुस्तक प्रथमच सुरुवातीपासून उघडलं.



पहिल्याच पानावर, मतदानाच्या सकाळी, गव्हर्नर न्हाणीघराची कडी आतून लावून, नळ सोडून, आरशासमोर एकटेच पराभवाच्या भाषणाची तालीम करत होते.