गुच्छीची जागा

वीज कडाडली तशी रुक्मीनं खाटेवरून डोंगराकडे पाहिलं. देवदारांच्या रानात आता गुच्छीची अळंबी वर आली असणार. जागा तिला एकटीलाच ठाऊक, आणि वाचा अर्धांगवायूनं नेलेली.

“अम्मा, आता तरी दाखव की गं. मी काय परका?” तिचा लेक चेतरू काकुळतीला आला.

तिनं धड हातानं भिंतीवर कोळशानं जळका देवदार काढला, खाली झरा काढला.

सांजेला तो भरली टोपली घेऊन आला. “बघ, एक सोडली नाही. पेराएवढ्यासुद्धा उकरून आणल्या.”

लहानग्या गुच्छ्या रानाच्या ओटीतच ठेवायच्या, तरच जागा पुन्हा पिकते. तेवढं तिला कोळशानं काढता आलं नव्हतं.

तिचे डोळे वाहू लागले. चेतरूनं ते हसत पुसले. “रडतेस काय, अम्मा? पुढच्या सालीही आणीन की.”