दोन सेकंदांची अट

“घे, शंभर टक्के! आता मुकाट्याने सही कर,” म्हणत सबनीस सरांनी अहवाल माझ्या टेबलावर आपटला.

देवीच्या डोंगरावरच्या नव्या रोपवेचा दोर तुटलाच, तर पाळण्याचा ब्रेक लागण्याची शक्यता किती, हे संगणकावर गणिताने तपासणं माझं काम. काल उत्तर नव्वद टक्के आलं होतं. म्हणजे दहात एकदा पाळणा आठ माणसांसकट दरीत. मी सही नाकारली होती. मग एका रात्रीत शंभर कसे झाले?

मी तपासणीची अट वाचली. माझं वाक्य होतं, ‘दोन सेकंदांत ब्रेक लागेल.’ त्यातलं ‘दोन सेकंदांत’ सरांनी खुशाल उडवलं होतं.

“सर, ब्रेक लागेल, पण कधी?”

“कधी ना कधी लागेलच की! मला अक्कल शिकवू नकोस. सोमवारी उद्घाटन आहे. पाच मिनिटांत सही हवी, नाहीतर उद्यापासून येऊ नकोस.”

सगळं ऑफिस माना खाली घालून ऐकत होतं.

“करेन ना, सर. शंभर टक्के करेन.”

“कधी?”

“कधी ना कधी,” म्हणत मी पेनाला टोपण लावलं.