आई, म्हणजे त्रयस्थ

"शिक्षा कोणाला झाली?" न्यायाधीशांनी विचारलं.

"मावशींना. पाळणाघरातल्या."

"आणि तुम्ही कोण?"

"आत कोंडली गेली ना, तिची आई."

"म्हणजे मावशींना आणखी कडक शिक्षा हवीय?"

"नाही, साहेब. आहे तीच मागे घ्या."

न्यायाधीशांनी चष्मा काढला. असलं मागणं त्यांच्याकडे रोज येत नसावं.

तीन वर्षांची ती कोंडलेली तिथेच होती, आईच्या पर्सचा पट्टा चघळत.

"पोरीला कोर्टात कशाला आणलंत?"

"सांभाळायला कोणी नाही."

मागच्या बाकावर खसखस पिकली. आई हसली नाही. ती घडाघडा बोलत सुटली. मावशींची बावीस वर्षांची एकच पद्धत. पोरांना बागेत न्यायच्या आधी दारातली बुटांची मांडणी बघायची. मांडणी रिकामी, म्हणजे सगळी पोरं बाहेर. "त्या दिवशी घाईत मी हिला झोपेतच उचलून आणलं, अनवाणी. मांडणी रिकामी झाली, मावशींनी कुलूप लावलं. ही आत तासभर. घसा बसेपर्यंत रडली. चूक माझी आहे हो!"

पाळणाघराचा वकील उठला. इस्त्री कडक, आवाज त्याहून कडक.

"साहेब, शिक्षा हा संस्था आणि कर्मचारी यांच्यातला विषय. या बाई त्रयस्थ. अपील मावशींनी स्वतः करायचं होतं, तीस दिवसांत. केलेलं नाही."

"बरोबर आहे," न्यायाधीश म्हणाले. अगदी मऊ आवाजात, हीच तर पंचाईत. भांडायलाही जागा उरली नाही. अर्ज फेटाळला. मावशींनी यापुढे संस्थेच्या कुठल्याही पाळणाघरात काम करायचं नाही, हा हुकूम तसाच राहिला. सगळं मिळून दहा मिनिटं. पुढच्याचा पुकाराही झाला.

मावशी बाहेर जिन्यापाशी थांबल्या होत्या. आत यायचा धीरच झाला नव्हता त्यांना.

"काय गं?"

आईने नुसती मान हलवली. मग एकदम भडकली. "तुम्ही का नाही केलंत अपील? मी परकी ठरले ना तिथे! तुमची एक सही पुरली असती, मावशी."

"कशावर करू सही? कुलूप मीच लावलं होतं ना? चौदा डोकी मोजायला असा किती वेळ लागतो?"

"पण मी तिला..."

"पुरे आता. घरी जा."

तेवढ्यात पोरगी आईचा हात सोडून धावली आणि मावशींसमोर दोन्ही हात वर करून उभी राहिली.

"घे!"

मावशींनी आपले हात पाठीमागे नेले आणि एकमेकांत घट्ट धरले.

"नको, बाळा. त्यांनी लिहून दिलंय."

पोरगी हात खाली घेईना. मावशी तिच्याकडे बघेनात. पण उभ्या जागी त्या डुलत होत्या, या पायावरून त्या पायावर, कडेवरचं पोर झोपवताना डुलतात तशा.